कात्रीची रेघ दिसू दे

मी कागद कापून फिल्म करते असं सांगितलं की समोरच्याला बहुतेक वेळा शाळेतला हस्तकलेचा तास आठवतो आणि मग "अरे वा, लहान मुलांसाठी का?" हा प्रश्न येतोच. मुलांनी बघाव्यात, जरूर बघाव्यात, पण मी ज्या कोलाज शॉर्टफिल्म्सबद्दल बोलतेय त्यांच्यात गोष्ट असेलच असं नाही, पात्रं असतीलच असं नाही, संवाद तर बऱ्याचदा नसतातच. जुन्या मासिकातलं, कॅटलॉगमधलं, कॅलेंडरवरचं चित्र कापायचं, कॅमेऱ्याखाली ठेवायचं, फोटो काढायचा, केसभर सरकवायचं, परत फोटो, परत सरकवायचं. आणि हे करता करता ते चित्र मुळात ज्या कामासाठी छापलं गेलं होतं ते काम त्याच्याकडून काढून घ्यायचं आणि दुसरंच काहीतरी त्याच्यावर सोपवायचं. मला या प्रकाराचं वेड लागलंय त्याला बरीच वर्षं झाली, सगळं डोक्यात साचलंय, म्हणून आज सलग लिहून काढतेय, लांबेल थोडं.

सध्या जी फिल्म चालू आहे तिच्यात फक्त हात आहेत. जुन्या दिवाळी अंकांतल्या, मासिकांतल्या जाहिरातींमधले हात. साबण धरलेला, चहाचा कप धरलेला, टॉर्च धरलेला, शिलाई मशीनच्या चाकावर ठेवलेला, बिस्किटाचा पुडा पुढे करणारा, तेलाची बाटली दाखवणारा. जाहिरातीतला हात जवळजवळ नेहमी काहीतरी देत असतो, हे मला कापायला बसल्यावर दिसलं, नुसतं पान उलटताना कधी जाणवलं नव्हतं. आणि मग त्या हातातली वस्तू कटरने अलगद कापून काढली की तोच हात, तीच बोटं, मनगटाचा तोच कोन, पण तो एकदम मागायला लागतो! बदललेलं काहीच नसतं, फक्त साबण गेलेला असतो. असे हात काळ्या कागदावर एका रांगेत ठेवले, सगळे उजवीकडे वळलेले, आणि ते एकेक फ्रेम करत पुढे सरकायला लागले, तेव्हा मला माझी फिल्म सापडली.

आता हे चित्र काढून जमलं असतं का? मागणारा हात काढता येतो, कोणीही बरा चित्रकार काढेल. पण तो पहिल्यापासून मागणाराच हात असेल. माझ्या या हातांना द्यायची सवय आहे, नखं नीट रंगवलेली आहेत, बांगड्या आहेत, एकाच्या बाहीला इस्त्रीची घडी आहे, आणि अंगठा नि तर्जनीच्या मधे साबणाच्या वेष्टनाची बारीकशी निळी कड अजून राहिलीये, ती मी मुद्दाम ठेवलीये. बघणाऱ्याला ती कड वेगळी दिसेलच असं नाही पण काहीतरी काढून नेलंय हे कळतंच कळतं. कोलाज फिल्मबद्दल मला जे म्हणायचंय ते एवढंच आहे खरं तर: कापलेला कागद आपलं आधीचं आयुष्य बरोबर घेऊन येतो, आणि फिल्म करणाऱ्याने ते पुसायचं नसतं. कात्रीची रेघ दिसू द्यायची.

ज्यांच्याकडून मी हे शिकले ती माणसं लांबची आहेत. स्टॅन व्हॅनडरबीक हा न्यूयॉर्कचा. १९५० च्या दशकात तो मुलांच्या एका टीव्ही कार्यक्रमासाठी काम करायचा आणि काम संपल्यावर तिथल्याच कॅमेरा स्टँडवर स्वतःच्या फिल्म्स करायचा. त्याची 'सायन्स फ्रिक्शन' १९५९ ची, म्हणजे स्पुटनिक हा पहिला उपग्रह उडाल्यानंतर दोनच वर्षांनी. अमेरिकेत तेव्हा गुळगुळीत कागदावरची मासिकं घराघरांत येत होती, त्यांत रॉकेटं, पुढारी, फ्रीज, मोटारी, हसणारी कुटुंबं, सगळं शेजारी शेजारी छापलेलं. व्हॅनडरबीकने ते सगळं कापलं आणि एकमेकांच्या अंगावर सोडलं. मोठमोठ्या लोकांचे चेहरे उघडतात, त्यांच्यातून यंत्रं बाहेर येतात. राग आहे त्यात, खरा राग, आणि तो त्यांच्याच मासिकांच्या चित्रांतून व्यक्त केलेला असल्यामुळे उत्तर द्यायला कोणाला जागाच राहत नाही. पुढे मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी कार्यक्रमातली कटआऊट ॲनिमेशन्स करणाऱ्या टेरी गिलियमने आपल्याला व्हॅनडरबीकच्या फिल्मवरून हे सुचलं असं स्वतः सांगितलंय, त्यामुळे तुम्ही मॉन्टी पायथन पाहिलं असेल तर या घराण्याशी तुमची ओळख आधीच झालेली आहे.

दुसरा लॅरी जॉर्डन, सॅन फ्रान्सिस्कोकडचा, आणि याच्या फिल्म्स मी सगळ्यात जास्त वेळा पाहिल्यात. 'ड्युओ कॉन्चर्टान्टिस' १९६४ ची आणि 'अवर लेडी ऑफ द स्फिअर' १९६९ ची. तो फोटो कापत नाही, एकोणिसाव्या शतकातली कोरीव चित्रं कापतो. ही वाट त्याच्या आधी माक्स अर्न्स्ट या चित्रकाराने घालून दिली होती, अर्न्स्टने १९२९ आणि १९३४ मध्ये अशाच जुन्या चित्रांची अख्खी कोलाज पुस्तकं काढली होती, पण ती पानावर स्थिर होती. जॉर्डनकडे तीच चित्रं हलायला लागतात. फुगा वर जातो, गोल डोक्याची बाई चालत येते, खोलीत अचानक समुद्र.

कोरीव चित्रंच का, हे मला फार उशिरा समजलं आणि ते समजल्यावर माझी कागद निवडायची पद्धतच बदलली. फोटो थेट अक्षरांबरोबर छापायचं हाफटोनचं तंत्र १८८० च्या दशकापासून पुढे पसरलं. त्याआधी पुस्तकात चित्र हवं तर कारागीर ते लाकडी ठोकळ्यावर हाताने कोरायचा, म्हणजे सावली असो, ढग असो, गाल असो, सगळं बारीक रेघांतूनच यायचं. त्यामुळे एका पुस्तकातला फुगा आणि दुसऱ्याच पुस्तकातली बाई शेजारी ठेवली तरी दोघं एकाच जगातली वाटतात, कारण दोघांची कातडी रेघांचीच. हॅरी स्मिथने 'हेवन अँड अर्थ मॅजिक' या फिल्ममध्ये असेच जुने कॅटलॉग कापले, तासाभराहून मोठी, काळीपांढरी, शब्द नाहीत, फक्त आवाज. तिथेही हाच एकसंधपणा आहे.

आपल्याकडचा कागद तसा नाही. मला जे मिळतं ते बहुतेक गेल्या शतकाच्या मधल्या काळातलं, मासिकं, दिवाळी अंक, वर्तमानपत्रांच्या रविवारच्या पुरवण्या, आणि ते सगळं हाफटोनचं, म्हणजे ठिपक्यांचं. आणि ठिपके सगळीकडे सारखे नसतात हे महत्त्वाचं आहे! वर्तमानपत्राच्या खरखरीत कागदावर शाई पसरते म्हणून तिथे ठिपक्यांच्या ओळी इंचाला ६५ ते ८५ एवढ्याच ठेवतात, आर्ट पेपरच्या मासिकात १३३ ते १५० पर्यंत जातात. म्हणजे कॅमेरा जवळ नेला की पेपरातला हात रवाळ दिसतो, मासिकातला गुळगुळीत. दोघं शेजारी आले की एका जगातले वाटतच नाहीत. सुरुवातीला मला जॉर्डनसारखा एकसंधपणा हवा होता. आता नको आहे. माझ्या फिल्ममध्ये रवाळ हात गुळगुळीत हाताकडे सरकतो तेव्हा ते दोन कागदांच्या किमतीतलं अंतरही दिसतं, चार आण्याचा पेपर आणि संग्रही ठेवायचा अंक, आणि हे मला एकही शब्द न वापरता मिळतं.

कागद मिळतो कुठे, तर पुण्यात मंगळवार पेठेतला जुना बाजार, बुधवारी आणि रविवारी, आणि ओळखीचे रद्दीवाले. एक गोष्ट मी कटाक्षाने पाळते, अंक धड असेल तर त्याला कात्री लावत नाही. शिवण सुटलेला, कव्हर गेलेला, कसर लागलेला अंकच कापते. दीनानाथ दलालांचं किंवा रघुवीर मुळगावकरांचं मुखपृष्ठ हाती आलं तर ते जपून ठेवते, हवंच असेल तर त्याची कलर झेरॉक्स काढते. झेरॉक्सचा कागद कॅमेऱ्याखाली मेलेला दिसतो हे खरंय, पण ती मुखपृष्ठं कापणं मला मान्य नाही, ती कोणीतरी पुन्हा बघायला हवीत.

आपल्याकडे हे असलं काही नव्हतंच असं मात्र अजिबात समजू नका. दादासाहेब फाळके सिनेमाकडे आले ते छापखान्यातून. लोणावळ्याला रविवर्मांच्या चित्रांच्या प्रेसमध्ये काम, मग स्वतःचा ब्लॉकचा आणि छपाईचा धंदा, आणि नंतर सिनेमा. शाई, दगड, ठोकळा, कागद हे सगळं हातातून गेलेला माणूस होता तो, आणि आगकाड्यांना एकेक फ्रेमने हलवून त्यांनी चक्क एक छोटी फिल्म केलीये. त्याच्याही आधी कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी १८९२ पासून 'शांबरिक खरोलिका' दाखवायला सुरुवात केली होती, काचेवर हाताने रंगवलेल्या स्लाइड्स, मागे दिवा, आणि स्लाइड पटापट बदलून पात्रं हलल्याचा भास. आणि मग पिंगुळी. कुडाळजवळचं गाव, तिथल्या ठाकर समाजाची चित्रकथी. एका आख्यानाची सुट्या कागदांवरची चित्रं, त्यांची पोथी, आणि कथेकरी एकेक चित्र समोर धरून वीणा, टाळ, हुडुकच्या साथीने रामायण-महाभारतातली कथा गातो. परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा हे नाव पुष्कळ जणांनी पहिल्यांदा ऐकलं. मला चित्रकथी बघताना जे जाणवलं ते असं की चित्रातलं काहीच हलत नाही, तरी युद्ध होतं, बाण लागतो, कारण एक कागद जातो आणि दुसरा येतो त्या मधल्या क्षणात गाणारा माणूस असतो. लुईस क्लार नावाचा अमेरिकन फिल्मकार जुनी कॉमिक्स कापून फिल्म करतो, त्याच्याकडेही हालचाल फार थोडी असते, १९९७ च्या 'पोनी ग्लास'मध्ये सुपरमॅनच्या मित्राचं कटआऊट नुसतं इकडून तिकडे जातं, तोंड हलत नाही, पापणी हलत नाही, आणि तरी त्याच्या मनात काय चाललंय ते कळतं. क्लारला चित्रकथी माहीत असण्याचं काही कारण नाही. पण मला दोन्ही एकाच आठवड्यात बघायला मिळालं आणि हालचाल वाढवत नेण्याची माझी घाई तिथेच थांबली.

आणि प्रमोद पतींचं नाव घेतल्याशिवाय पुढे जाणार नाही. मुंबईत पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये, सरकारी खात्यात, या माणसाने १९६८ पासून पुढच्या काही वर्षांत 'एक्सप्लोरर', 'अबिद', 'ट्रिप' असल्या फिल्म्स केल्या. 'अबिद'मध्ये कागदाचं कोलाज नाही, चित्रकार आबिद सुरतींनाच फ्रेम फ्रेमने हलवलंय, पण भिंती, जमीन, माणूस, रंग सगळं एकाच पातळीवर आणून ठेवायची जी हिंमत त्यात आहे ती कोलाजचीच आहे. पती लवकर गेले, १९७५ मध्ये. मला त्यांच्या फिल्म्स पाठ्यपुस्तकात हव्यात.

बरं, आता प्रत्यक्ष काम. सिनेमाला सेकंदाला २४ फ्रेम लागतात, आपण एक फोटो दोन फ्रेमसाठी वापरतो म्हणजे सेकंदाला १२ फोटो, मिनिटाला ७२०, तीन मिनिटांच्या फिल्मला २,१६०. आकडा ऐकून घाबरायचं काही कारण नाही, कारण कोलाजमध्ये थांबणंही चालतं, एकच फोटो दोन सेकंद धरून ठेवला तर ते वाईट दिसत नाही, उलट बघणाऱ्याला कागद नीट बघता येतो.

कॅमेरा वरून सरळ खाली बघणारा, ट्रायपॉडचा आडवा दांडा असेल तर उत्तम, नाहीतर दोन कपाटांमधे फळी टाकून त्यावर फोन ठेवला तरी होतं. फोकस, एक्स्पोजर, व्हाइट बॅलन्स तिन्ही लॉक करायचे, नाहीतर प्रत्येक फोटोला कॅमेरा स्वतःचं डोकं चालवतो आणि फिल्म लुकलुकते. खिडकी बंद, पडदा ओढलेला, दोन दिवे दोन बाजूंनी साधारण ४५ अंशांत. एलईडी बल्ब स्वस्त असेल तर शटर जास्त वेळ उघडं ठेवा, अर्धा सेकंद वगैरे, म्हणजे दिव्याची थरथर त्यात विरघळून जाते. तुकडे सपाट राहावेत म्हणून वरून काच ठेवायची, फ्रेमवाल्याकडची साधी काच चालते, पण तिच्यात कॅमेऱ्याचं आणि तुमचं प्रतिबिंब पडतं, म्हणून लेन्सच्या भोवती काळा कार्डबोर्ड लावायचा, मधे लेन्सपुरतं भोक, आणि आपण गडद कपडे घालायचे. पंखा बंद! एप्रिल-मे मध्ये पुण्यात बंद खोलीत पंख्याशिवाय दोन दिव्यांखाली बसणं हा या कलेचा सगळ्यात कठीण भाग आहे आणि त्याला काही उपाय नाही, रात्री उशिरा शूट करा. पावसाळ्यात वेगळीच कथा, कागद हवेतलं पाणी पितो आणि कडा वळतात, म्हणून कापलेले तुकडे मी जाड पुस्तकात दाबून ठेवते आणि लागेल तेवढेच बाहेर काढते.

कापायचं कसं याबद्दल थोडं सांगायलाच हवं, कारण सगळं तिथेच ठरतं. कात्री एका जागी स्थिर ठेवायची आणि कागद फिरवायचा, म्हणजे वळण सलग येतं. बोटांच्या मधल्या जागेसाठी कटर, आणि पातं सारखं बदलायचं, बोथट पातं जुना कागद फाडतं. तुकडा उचलायला पोस्टाची तिकिटं जमवणारे वापरतात तो चपट्या तोंडाचा चिमटा. पातळ कागदाला फेविकॉल लावू नका, त्यातल्या पाण्याने सुरकुत्या पडतात, ग्लू स्टिक बरी, आणि खरं तर न चिकटवताच काम करता आलं तर सगळ्यात छान. कापल्यावर कागदाची पांढरी कड दिसते. बरेच जण ती पेन्सिलीने किंवा मार्करने काळी करतात म्हणजे तुकडा मागच्या चित्रात मिसळून जातो. मी करत नाही. ती पांढरी कड म्हणजे हा हात कुठूनतरी आणलाय याची कबुली आहे, ती झाकली तर मग कोलाज कशाला करायचं?

ठिपक्यांच्या कागदाबरोबर एक अडचण हमखास येते ती मोआरेची. छपाईच्या ठिपक्यांची जाळी आणि कॅमेऱ्याच्या सेन्सरची जाळी एकमेकींत अडकतात आणि चित्रावर लाटा दिसायला लागतात, प्रत्यक्षात नसलेल्या. कागद थोडा तिरका करून बघायचा, कॅमेरा थोडा वरखाली करायचा, लाटा जातात. कधीकधी मी त्या ठेवते, हात सरकताना त्याच्या अंगावरून लाट गेली तर ती छापील कातडी जिवंत झाल्यासारखी वाटते.

चित्रात पुढचं-मागचं अंतर दिसायला हवं असेल तर काचांचे थर. रशियाच्या युरी नॉर्स्टाइनच्या १९७५ च्या 'हेजहॉग इन द फॉग' या फिल्ममधलं धुकं एका अगदी पातळ कागदाने केलंय, कागद पात्राच्या वर धरायचा आणि फ्रेमगणिक कॅमेऱ्याकडे उचलत न्यायचा, पात्र हळूहळू धुक्यात बुडतं. एवढ्या साध्या गोष्टीतून ते धुकं आलंय हे कळल्यावर मी बटर पेपर घेऊन बसले होते अख्खी संध्याकाळ, आणि माझ्या फिल्ममधले शेवटचे दोन हात त्याच रीतीने धूसर केलेत.

आता हे सगळं कॉम्प्युटरवर होतं की, असं मला सारखं सांगितलं जातं. स्कॅन करा, थर वेगळे करा, सॉफ्टवेअरमध्ये हलवा. होतं, आणि काही लोक फार सुंदर करतात. माझा आक्षेप सोयीला नाही, एका विशिष्ट गोष्टीला आहे. स्कॅन केलेल्या तुकड्याला सावली नसते. खऱ्या तुकड्याची कड किंचित वर उचललेली असते, तिच्याखाली केसाएवढी सावली पडते आणि तुकडा सरकला की ती सावलीही थोडी बदलते, कधी जास्त, कधी कमी, आपल्या हातात नसतं ते. त्या सावलीमुळे बघणाऱ्याला कळतं की हा कागद आहे, कोणीतरी खरोखर धरला होता. आणि दुसरं म्हणजे परत फिरणं नाही. कॅमेऱ्याखाली तुकडा हलवला की हलवला, आधीची जागा गेली, त्यामुळे प्रत्येक फोटोच्या आधी थांबून विचार करावा लागतो आणि तो विचार फिल्ममध्ये उतरतो असं मला मनापासून वाटतं.

आवाजाबद्दल लिहायचं तर कॅनडाच्या आर्थर लिपसेटचं नाव पहिलं. नॅशनल फिल्म बोर्डमध्ये काम करताना त्याने इतरांनी टाकून दिलेल्या टेपचे तुकडे गोळा केले, बोलण्याचे, खोकल्याचे, अर्धवट वाक्यांचे, त्यांचं आधी नुसत्या आवाजाचं कोलाज केलं आणि मग त्यावर फोटो बसवले. 'व्हेरी नाइस, व्हेरी नाइस', १९६१, सातच मिनिटं, ऑस्करचं नामांकन मिळालं. आणि फ्रँक मोरिसच्या १९७३ च्या 'फ्रँक फिल्म'मध्ये दोन आवाज एकाच वेळी चालतात, एक स्वतःची जीवनकहाणी सांगतो, दुसरा नुसते एकाच अक्षराने सुरू होणारे शब्द म्हणत जातो, आणि पडद्यावर खाणं, गाड्या, डोळे, बूट यांच्या कापलेल्या चित्रांचा पूर. त्या फिल्मला ऑस्कर मिळालं. मला ती बघताना दरवेळी दम लागतो आणि तरी मी ती परत लावते, कारण एवढी चित्रं एकत्र आली की मासिकं माणसाला काय काय दाखवत असतात ते एकदम अंगावर येतं.

माझ्या हातांच्या फिल्मला संगीत नको हे ठरलंय. संगीत लावलं की लोक हातांकडे दयेने बघायला लागतात, मला ते नकोय. म्हणून जाहिरातींतलीच वाक्यं बायकांच्या आवाजात वाचून घेतलीयेत, माझ्या दोन मावश्या आणि शेजारच्या काकू, साध्या बोलण्याच्या सुरात, आणि त्यातून वस्तूचं नाव तेवढं कापलंय. "आजच आणा" राहिलंय, "सर्वत्र मिळते" राहिलंय, काय मिळते ते गेलंय. चित्राला जे केलं तेच आवाजाला.

हे संपलं की पुढची फिल्म एसटीच्या जुन्या तिकिटांची. रंगीत, पातळ कागदाची, कंडक्टरने पंच केलेली. लोटे रायनिगरने १९२६ च्या 'प्रिन्स अकमेड'मध्ये काळ्या आकृत्या खालून उजेड देऊन शूट केल्या होत्या, तशी मला ही तिकिटं खालून उजेड देऊन करायचीयेत, म्हणजे पंचची भोकं चमकतील आणि मागची छपाई पुढे झिरपेल. जुना बल्ब तापतो, रंग उडायची भीती, म्हणून पातळ एलईडी पॅनल आणलंय. तिकिटं अजून पुरेशी नाहीत, जुन्या पुस्तकांत खूण म्हणून ठेवलेली सापडतात तेवढीच आहेत, त्यामुळे रद्दीवाल्यांना सांगून ठेवलंय की पुस्तकं तोलायच्या आधी एकदा झटकून बघा.